दुधाच्या पिशवीशेजारी

आमच्या फ्रिजच्या दारात, दुधाच्या पिशवीशेजारी, जवळजवळ साडेतीन वर्षं एक छोटा खोका असायचा. घरातल्या मुलांना ताकीद होती. पाण्याची बाटली घ्या, बर्फ घ्या, पण त्या खोक्याला हात लावायचा नाही. त्यात अम्मीची इंजेक्शनं असत. औषधाचं नाव इरिथ्रोपोएटिन. मी विज्ञानाचा शिक्षक, तरी डॉक्टरांच्या चिठ्ठीवर ते नाव पहिल्यांदा वाचताना दोनदा अडखळलो. अम्मी त्याला ‘खून की सुई’ म्हणायची आणि तेच सोपं होतं.

२००४ साली अम्मीच्या दोन्ही किडन्या निकामी झाल्या. किडनी रक्त गाळते हे आपण शाळेत शिकतो. ती आणखी एक काम करते, हे मलाही पाठ्यपुस्तकातल्या एका ओळीपुरतंच ठाऊक होतं. शरीराला प्राणवायू कमी पडतोय असं जाणवलं की किडनी एक संप्रेरक सोडते. ते हाडांच्या आतल्या मगजाला निरोप देतं, की तांबड्या पेशी वाढव. किडनी गेली की हा निरोप जायचाच बंद होतो. डायलिसिसचं मशीन रक्त गाळून देतं, निरोप देत नाही. तो बाहेरून, सुईतून द्यावा लागतो.

हिमोग्लोबिन सातच्या खाली गेलं की अम्मीला न्हाणीपर्यंत चालत जाणं व्हायचं नाही. मध्येच भिंतीला हात टेकून उभी राहायची, घाट चढून आल्यासारखी धापा टाकत. इंजेक्शनं वेळेवर मिळाली की तीन-चार आठवड्यांत चेहऱ्यावर रंग यायचा, आणि ती स्वयंपाकघराच्या दारात येऊन सालनमध्ये मीठ कमी आहे म्हणून सुनेला ऐकवायची. आम्ही त्यावरूनच हिमोग्लोबिन ओळखायचो. बायको म्हणायची, ‘आज नऊ तरी असेल.’

हे औषध थंड ठेवावं लागतं, दोन ते आठ अंशांत. आणि ती वर्षं लोडशेडिंगची. आमच्या गावात दिवसाला आठ-आठ तास वीज नसे. वीज गेली की पहिलं काम म्हणजे थर्मासमध्ये बर्फ भरून त्यावर कापड घालून तो खोका ठेवायचा. पण बर्फाला थेट चिकटू द्यायचा नाही, गोठलं तरी औषध वाया. मिरजेच्या मेडिकलमधून इंजेक्शन आणायचं तेही तसंच. पगार झाला की मी थर्मास हँडलला अडकवून सायकलवर निघायचो. वाटेत कुणी विचारलं तर चहा आहे म्हणायचो.

त्याच वर्षांत मी एका माणसावर जीव टाकला होता. त्याचं नाव लान्स आर्मस्ट्राँग.

सायकल आमच्या घरात नवी नव्हती. अब्बांचं सायकलचं दुकान होतं. भाड्यानं द्यायच्या बारा-पंधरा सायकली, पंक्चर, चाकाची आऊट काढणं, छर्रे बदलणं. मी त्या दुकानात ग्रीसचे हात घेऊन मोठा झालो. त्यामुळे वर्तमानपत्राच्या खेळाच्या पानावर कोपऱ्यात ‘टूर द फ्रान्स’ची चार ओळींची बातमी आली तरी मी ती वाचायचो. अब्बांना एकदा समजावून सांगितलं, की तीन आठवडे, साडेतीन हजार किलोमीटरच्या आसपास, मध्ये आल्प्स आणि पिरेनीजचे घाट. अब्बांनी विचारलं, ‘और सामान कितना लादते?’ सामान काही नसतं म्हटल्यावर त्यांचा रसच संपला. त्यांच्या दुकानातल्या सायकलींवरून माणसं गव्हाची पोती नेत.

लान्सची गोष्ट तुम्हाला माहीत असेल, तरी थोडक्यात सांगतो. अमेरिकेतला टेक्ससचा मुलगा. १९९३ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी रस्त्यावरच्या सायकलिंगचा जगज्जेता. १९९६ च्या ऑक्टोबरात त्याला वृषणाचा कॅन्सर निघाला, तोही पोट, फुप्फुसं आणि मेंदूपर्यंत पोचलेला. शस्त्रक्रिया झाल्या, केमोथेरपी झाली. नव्यानं करार केलेल्या फ्रेंच संघानं त्याला सोडून दिलं. आणि हा माणूस १९९९ मध्ये टूर द फ्रान्स जिंकला. मग २०००, २००१, करत करत २००५ पर्यंत सलग सात वेळा. त्याआधी पाचाच्या वर कुणी गेलं नव्हतं.

त्याचं ‘इट्स नॉट अबाउट द बाइक’ हे पुस्तक मला पुण्यात फुटपाथवर मिळालं. ते मी डायलिसिसच्या खोलीबाहेरच्या बाकावर बसून वाचलं. चार तास लागायचे एका वेळेला. मशीनवरून उतरल्यावर घरी जाताना रिक्षात अम्मीला आमच्या बोलीत त्यातलं सांगायचो. तिला घाटांचं, वेळेचं, पिवळ्या जर्सीचं काही नव्हतं. तिचा प्रश्न, ‘उसकी अम्मी?’ मी सांगितलं, तो जन्मला तेव्हा त्याची आई सतरा वर्षांची होती, तिनंच वाढवलं. तेव्हापासून अम्मीचं त्याच्याशी नातं जडलं ते आईच्या बाजूनं. ‘वो टेक्ससवाली का बेटा जीता क्या?’ असं विचारायची.

केमोच्या काळात त्यालाही हेच इंजेक्शन दिलं गेलं होतं. केमोनं रक्त आटतं, म्हणून देतात. माझ्यासाठी ही केवढी मोठी गोष्ट होती हे सांगून पटणार नाही. आमच्या फ्रिजमधलंच औषध घेऊन एक माणूस मरणाच्या दारातून परत आला आणि जगातला सगळ्यात अवघड घाट सगळ्यांच्या पुढे चढला.

२००४ मध्ये त्याच्या संस्थेनं पिवळे रबरी कडे काढले, एक डॉलरला एक, पैसा कॅन्सरच्या रुग्णांसाठी. काही महिन्यांत त्याच्या नकला आमच्याकडे रस्त्यावर आल्या. मी दोन घेतले. एक माझ्या हातात, एक अम्मीच्या. पुढच्या डायलिसिसला सिस्टरनं आधी तो काढून घेतला. ज्या हाताला फिस्टुला आहे त्या हातावर घट्ट काही घालायचं नसतं, आणि हे मला माहीत असायला हवं होतं. सिस्टरनं तो दुसऱ्या हातात घातला. अम्मी म्हणाली, ‘ये पिला कायकू?’ मी म्हणालो, टेक्ससवाली के बेटे का है. मग राहिला.

आमच्या शाळेत चित्रकलेचे एक सर होते. वाचणारे, शांत, आणि मनात आलेलं बोलून मोकळे होणारे. २००५ च्या ऑगस्टमध्ये एक दिवस स्टाफरूममध्ये त्यांनी माझ्यासमोर इंग्रजी वर्तमानपत्र ठेवलं. फ्रान्सच्या ‘लेकिप’ या क्रीडा दैनिकानं छापलं होतं, की १९९९ च्या टूरमधले लान्सचे लघवीचे जुने नमुने तपासले, सहांत ईपीओ सापडलं. ईपीओ म्हणजे तेच, इरिथ्रोपोएटिन. १९९९ मध्ये ते पकडणारी चाचणीच नव्हती. नमुने गोठवून ठेवलेले, पुढे संशोधनासाठी तपासले गेले, आणि एका पत्रकारानं नमुन्यांचे आकडे आणि खेळाडूचं नाव यांची जोड लावली.

सर म्हणाले, ‘हे तुम्ही वाचायला हवं.’ मी काय काय बोललो ते सगळं आठवत नाही. फ्रेंच लोक जळतात, हे बोललो. त्यांच्या देशाचा माणूस १९८५ नंतर टूर जिंकलेला नाही, हेही बोललो, आणि ते खरंच होतं. मग म्हणालो, ‘ज्याच्या घरात कॅन्सर नाही, किडनी नाही, त्याला असल्या बातम्यांत मजा येते.’ सर गप्प झाले. त्यानंतर दोन महिने मी त्यांच्याशी बोललो नाही. स्टाफरूममध्ये सगळ्यांदेखत बोललेलं ते वाक्य होतं, हे लक्षात ठेवा.

त्याच जुलैमध्ये पॅरिसला सातव्या विजयानंतर लान्स मंचावरून बोलला होता. ज्यांना चमत्कारावर विश्वास ठेवता येत नाही, त्यांच्याबद्दल मला वाईट वाटतं, अशा अर्थाचं काहीतरी. ते वाचून मी मान डोलावली होती.

अम्मी २००८ च्या जानेवारीत गेली. फ्रिजच्या दारातला खोका काढला, त्या जागेवर लोणच्याची बाटली आली.

पुढचं वाचलं ते २०१२ च्या ऑक्टोबरमध्ये. अमेरिकेच्या उत्तेजकविरोधी संस्थेनं लान्सवरचा आपला निकाल सगळ्या पुराव्यांसकट प्रसिद्ध केला. हजाराहून जास्त पानं, सव्वीस जणांच्या साक्षी, त्यात त्याच्याच संघातले अकरा माजी साथीदार. दिवाळीच्या सुट्टीत मी ते वाचत बसलो. सगळं नाही, पण पुष्कळ. साक्षी शपथेवरच्या आहेत, भाषा कोरडी आहे, आणि तरी हातातून सुटत नाही.

टायलर हॅमिल्टन हा लान्सचा जुना साथीदार. नीस शहरात लान्सच्या घरी ईपीओ मागितलं तेव्हा त्यानं फ्रिजकडे बोट दाखवलं, असं त्यानं सांगितलंय. फ्रिजच्या दारात, दुधाच्या खोक्याशेजारी.

मी तिथे थांबलो. उठून आमच्या स्वयंपाकघरात गेलो, फ्रिज उघडला, उगाच. मग परत येऊन बसलो.

आणखीही आहे. १९९९ च्या टूरमध्ये पोलिसांच्या धाडीची भीती होती, म्हणून औषध संघाच्या गाड्यांत ठेवायचं नाही असं ठरलं. लान्सच्या घरची बागेची वगैरे कामं करणारा एक माणूस मोटरसायकलवरून शर्यतीच्या मागे मागे फिरत होता. गरज लागली की तो गर्दीतून इंजेक्शनं आणून पोचवायचा. त्याला ही मंडळी ‘मोटोमॅन’ म्हणत. मला माझा हँडलला अडकवलेला थर्मास आठवला. आणि फ्लॉइड लँडिस, दुसरा साथीदार, त्यानं २०१० मध्येच सांगितलं होतं, की २००३ मध्ये स्पेनमधल्या गिरोनाच्या घरात लान्सनं त्याला काही दिवस राहायला लावलं. फ्रिजमध्ये रक्ताच्या पिशव्या होत्या. वीज जाऊन फ्रिज बंद पडू नये एवढं बघायचं. ईपीओची चाचणी आल्यावर त्यांनी स्वतःचंच रक्त काढून ठेवून शर्यतीत परत भरायची पद्धत धरली होती. म्हणजे तिथे एक माणूस वीज जाईल की काय म्हणून फ्रिजसमोर बसला होता, आणि त्यानंतर वर्षभरातच इथे मी.

‘सगळेच घेत होते, मग बरोबरीच झाली की,’ असं लान्सचे चाहते अजूनही म्हणतात. मीही काही दिवस म्हणून पाहिलं. पण ते हिशेबात बसत नाही. रक्तात तांबड्या पेशींचा वाटा किती, याला हिमॅटोक्रिट म्हणतात. चाचणी नव्हती तेव्हा, १९९७ मध्ये, सायकलिंगच्या आंतरराष्ट्रीय संघटनेनं पन्नास टक्क्यांची मर्यादा घातली. त्याच्या वर गेलात तर घरी. आता ज्याचं मुळातच अठ्ठेचाळीस आहे त्याला औषधानं दोनच अंकांचा फायदा, आणि ज्याचं बेचाळीस आहे त्याला आठांचा. शिवाय कुणाकडे मिकेले फेरारीसारखा डॉक्टर आहे आणि कुणाकडे नाही, हाही फरक. लान्सनं त्या इटालियन डॉक्टरला दहा लाख डॉलरहून जास्त पैसे दिल्याचं त्या निकालातच आहे.

आणि मुळात सगळे घेत नव्हते.

क्रिस्तोफ बासों नावाचा एक फ्रेंच खेळाडू होता. १९९८ मध्ये फेस्टिना संघाचा मालिशवाला गाडीभर औषधांसह फ्रान्स-बेल्जियम सीमेवर पकडला गेला आणि अख्खा संघ टूरमधून हाकलला गेला, तेव्हा त्याच्याच संघातल्यांनी पोलिसांना सांगितलं, की बासों घेत नाही. पुढच्या वर्षी तो दुसऱ्या संघाकडून टूरमध्ये उतरला आणि एका फ्रेंच वर्तमानपत्रात रोज लिहू लागला. या वेगानं माणूस औषधाशिवाय जाऊ शकत नाही, एवढंच त्याचं म्हणणं. आल्प द्युएझच्या टप्प्यात पिवळ्या जर्सीतला लान्स त्याच्या शेजारी आला आणि त्याला म्हणाला, की तू बोलतोस ते खेळाला मारक आहे, तू घरी गेलेला बरा. हे लान्सनं नंतर फ्रेंच टीव्हीवर स्वतः सांगितलं, लपवलं नाही. बाकीचे सायकलस्वार बासोंशी बोलेनात, त्याचा स्वतःचा संघही त्याच्या मागे उभा राहिला नाही. दोनच दिवसांनी पहाटे सामान भरून तो हॉटेलमधून निघून गेला. पंचवीस वर्षांचा होता. दोन वर्षांत त्यानं व्यावसायिक सायकलिंग सोडलं.

हे सगळं १९९९ मध्येच छापून आलेलं होतं. माझ्या हातातल्या पुस्तकाच्या आधी. वाचायचं असतं तर वाचता आलं असतं.

आता यान उलरिचबद्दल. पूर्व जर्मनीतल्या रोस्टोकचा हा मुलगा १९९७ मध्ये तेवीस वर्षांचा असताना टूर जिंकला. सगळ्यांना वाटलं, पुढची दहा वर्षं याची. मग मार्को पांतानी आला, इटलीचा, छोटा, टक्कल असलेला, घाटात पक्ष्यासारखा उडणारा. १९९८ मध्ये पावसात गालिबिए घाटावरून त्यानं उलरिचला एका दिवसात जवळजवळ नऊ मिनिटं मागे टाकलं. मग लान्स आला. २०००, २००१, २००३, तिन्ही वेळा उलरिच दुसरा. हिवाळ्यात वजन वाढवणारा, उन्हाळ्यात ते उतरवणारा, बोलायला लाजरा. आम्ही लान्सवाले त्याला हसायचो.

२००३ ची टूर सगळ्यात चुरशीची. पिरेनीजमध्ये लुझ आर्दिदेनचा घाट सुरू होण्याआधी दोघांत पंधरा सेकंदांचं अंतर होतं. दोन आठवडे सायकल चालवून पंधरा सेकंद! घाटात कडेला उभ्या असलेल्या प्रेक्षकाच्या हातातल्या पिशवीत लान्सचं हँडल अडकलं आणि तो आदळला. उलरिचला तिथेच निघून जाता आलं असतं. तो थांबला. म्हणजे उतरला नाही, पण वेग कमी केला, लान्स परत येईपर्यंत बाकीच्यांसोबत हळू चालवत राहिला. दोन वर्षांपूर्वी उलरिच उतारावर रस्ता सोडून खाली पडला होता तेव्हा लान्सनंही असंच केलं होतं, त्याची ती परतफेड. लान्स परत आला, आला तसा निघून गेला आणि टप्पा चाळीस सेकंदांनी जिंकला. शेवटच्या हिशेबात उलरिच एकसष्ट सेकंदांनी हरला.

त्या टप्प्याचं चित्रण मी किती वेळा पाहिलंय सांगता येत नाही. अजूनही पाहतो. दोघांच्याही रक्तात काय होतं ते आता माहीत आहे, उलरिचनंही पुढे कबुली दिली. तरीही तो वेग कमी करतो ते दृश्य खोटं वाटत नाही. हे माझं मला कोडं आहे आणि मी ते सोडवलेलं नाही.

पण त्याच्याशेजारी दुसरं एक दृश्य ठेवावं लागतं. २३ जुलै २००४. टूर जवळजवळ संपलेली, लान्सचा सहावा विजय नक्की. अशा दिवशी पुढे पळालेल्या चार-सहा दुय्यम खेळाडूंना कुणी अडवत नाही, त्यांना टप्पा जिंकू देतात. त्यांना गाठायला मुख्य घोळक्यातून फिलिपो सिमेओनी नावाचा इटालियन निघाला. हा एकूण क्रमवारीत इतका मागे, की त्याच्याकडून कुणालाच धोका नव्हता. पण त्यानं इटलीतल्या न्यायालयात साक्ष दिली होती, की डॉक्टर फेरारींनी मला ईपीओ कसं घ्यायचं ते शिकवलं. लान्सनं त्याला वर्तमानपत्रातून खोटारडा म्हटलं होतं आणि त्यानं लान्सवर अब्रूनुकसानीचा दावा लावला होता.

सिमेओनी निघाला आणि पिवळ्या जर्सीतला माणूस स्वतः त्याच्या मागे निघाला. दोघं पुढच्या गटाला जाऊन मिळाले. पिवळी जर्सी पुढे आहे म्हटल्यावर मागचा सगळा घोळका पाठलाग करणार, म्हणजे त्या पुढच्यांचा दिवस संपला. त्यांनी लान्सला विनंती केली, तू मागे जा. हा गेला तर मी जातो, असं त्याचं उत्तर. सिमेओनी मागे वळला. घोळक्यात परत आल्यावर काही जणांनी त्याला शिव्या दिल्या, काही त्याच्यावर थुंकले, असं त्यानं सांगितलंय. आणि लान्सनं कॅमेऱ्याकडे पाहून दोन बोटांनी ओठांवरून चेन ओढल्यासारखी खूण केली. तोंड बंद.

पडलेल्या प्रतिस्पर्ध्यासाठी थांबायचा रिवाज पाळणारी हीच माणसं. न्यायालयात खरं बोललेल्या माणसासाठी मात्र त्यांच्याकडे एवढंच होतं. अम्मी असती तर काय म्हणाली असती ते मला माहीत आहे. आमच्याकडे गवाही दिलेल्या माणसाशी कसं वागायचं असतं याबद्दल ती फार कडक होती. एका जमिनीच्या भांडणात सख्ख्या भावाविरुद्ध खरं बोललेल्या शेजाऱ्याला तिनं ईदचा पहिला शीरखुर्मा पाठवला होता, बाकी मोहल्ल्यानं तोंड फिरवलं तरी.

सिमेओनीची ती बातमी मी २००४ मध्ये वाचली होती का? वाचली होती. सायबर कॅफेत. मला वाटलं होतं, काय भारी जरब आहे आपल्या माणसाची.

२२ ऑक्टोबर २०१२ ला आंतरराष्ट्रीय संघटनेनं लान्सचे सातही विजय काढून घेतले. मग प्रश्न आला, ते द्यायचे कुणाला? १९९९ मध्ये दुसरा आलेला झ्युले फेस्टिना प्रकरणात कबुली देऊन बसलेला. तीन वेळा दुसरा उलरिच. २००५ मध्ये दुसरा बासो, त्याच्यावर नंतर बंदी आलेली. म्हणून ठरलं, की कुणालाच नाही. आज टूरच्या विजेत्यांची यादी काढलीत तर १९९८ ला पांतानी आहे, मग सात वर्षं रिकामी. जगाच्या दोन युद्धांतही टूर बंद पडली होती, पण तेव्हा शर्यतच झाली नव्हती. इथे शर्यत झाली, लाखो लोक रस्त्याच्या कडेला उभे राहिले, आणि जिंकलं कुणी नाही. गंमत अशी, की पांतानीचं नाव तसंच आहे, १९९७ चा उलरिचही आहे, १९९६ चा बियार्न रिसही, ज्यानं स्वतः कबूल केलं. पांतानी १९९९ च्या इटलीच्या शर्यतीत दोनच टप्पे उरलेले असताना हिमॅटोक्रिट बावन्न निघाल्यामुळे हाकलला गेला. २००४ च्या फेब्रुवारीत रिमिनीच्या एका हॉटेलात कोकेननं मेला. चौतीस वर्षांचा.

त्या रिकाम्या ओळींत बासोंला काही मिळालं नाही. तो तसाही टूर जिंकणाऱ्यांतला नव्हता, हे मान्य. पण दहावा, विसावा, एखाद्या टप्प्यात पहिला, असं काय काय झालं असतं ते कुठल्याच यादीत रिकामं सोडलेलं नाही. लान्सच्या संघातली आयरिश मालिशवाली एमा ओ’रायली खरं बोलली म्हणून तिच्यावर त्यानं खटला भरला, तिच्याबद्दल नाही नाही ते बोलला. जुन्या साथीदाराची बायको बेट्सी अँड्र्यू हिनं शपथेवर सांगितलं, की १९९६ मध्ये रुग्णालयातल्या खोलीत लान्सनं डॉक्टरांसमोर औषधांची नावं घेतलेली मी ऐकली. तिला त्यानं वर्षानुवर्षं वेडी ठरवलं. २०१३ च्या जानेवारीत ओप्रा विन्फ्रीसमोर बसून लान्सनं हो म्हटलं. सातही वेळा घेतलं होतं का? हो. ती मुलाखत मी कॉम्प्युटरवर पाहिली. त्याचा राग येईल म्हणून तयारीनं बसलो होतो. आला नाही. मला स्टाफरूममधलं माझंच वाक्य ऐकू येत होतं.

चित्रकलेचे सर तोवर निवृत्त झाले होते. सांगलीला राहायचे. एका रविवारी सायकल काढून गेलो. दारात उभा राहिल्यावर त्यांना वाटलं, मुलाच्या लग्नाचं निमंत्रण घेऊन आलोय. बसल्यावर मी सांगितलं, की २००५ मध्ये तुम्ही मला एक बातमी दाखवली होती, आणि मी तुम्हाला घरातल्या आजारावरून बोललो होतो. ते चुकीचं होतं.

ते आठवायचा प्रयत्न करत राहिले. म्हणाले, ‘तो सायकलवाला? हो, पेपरात आलं होतं परवा.’ भांडण त्यांना आठवत होतं की नाही, मला आजही कळलेलं नाही. बहुतेक आठवत होतं. त्यांनी आत चहा सांगितला. मग मी त्यांना औषधाबद्दल सांगितलं. तेच औषध, तोच फ्रिजचा दरवाजा. हे त्यांना माहीत नव्हतं. अम्मी आजारी आहे एवढंच त्या वेळी शाळेत सगळ्यांना ठाऊक होतं.

चहा आला. बशीत ओतून एक घोट घेतल्यावर त्यांनी विचारलं, ‘आठवड्याला किती लागायची हो अम्मींना?’

‘दोन,’ मी म्हणालो. ‘महिनाअखेरीला एक.’